जादूची भट्टी पुन्हा पुन्हा बिघडते? आधी तिच्याखाली काय पडतं ते बघा

तुम्ही दर आठवड्याला चार मित्र जमवून टेबलावर रोलप्लेइंगचा खेळ (एक जण गोष्ट चालवतो, बाकीचे तिच्यातली पात्रं होतात आणि अडल्या जागी फासे टाकतात) चालवत असाल आणि तुमच्या विश्वात अजब द्रव्यं वितळवून नवीन वस्तू घडवणारी एखादी जादूची भट्टी असेल, तर हे दुखणं तुमच्या ओळखीचं असणार. पहिल्या सेशनला भट्टीचं सगळ्यांना अप्रूप असतं. तिसऱ्या सेशनपर्यंत प्रत्येक अडचणीवर एकच उतारा निघतो, "चला भट्टीवर." पाचव्याला तिथे वाद होतात आणि सहाव्याला आपणच वैतागून भट्टीवर दरड कोसळवतो. मग नवी मोहीम, नवी भट्टी, आणि पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

आमच्याकडे हे तीनदा झालं. आम्ही पाच जण शनिवारी संध्याकाळी ठाण्याच्या नौपाड्यात माझ्या मावशीकडे बसतो, खेळ मी चालवते. चौथी भट्टी मात्र वर्ष होत आलं तरी धगधगतेय. ती कशामुळे टिकली ते लिहून ठेवते. हे मला कुणी आधी सांगितलं असतं तर तीन चांगली विश्वं वाया गेली नसती.

आधी आमच्या भट्टीत काय काय जातं ते सांगते, म्हणजे पुढचं कळेल. एक आहे थबक. हे असं द्रव्य की त्याच्या आत वेळ चालत नाही. त्यात अडकलेला पावसाचा थेंब तसाच अधांतरी राहतो. दुसरा उणधातू, ज्याचं वजन शून्याच्या खाली आहे. तराजूत टाकला की पारडं वर जातं. (भौतिकशास्त्रवाल्यांसाठी: खऱ्या समीकरणांत उणे वस्तुमानाची वस्तूसुद्धा पृथ्वीकडेच पडेल, वर जाणार नाही. आमच्या विश्वात ती वर जाते, हा आम्ही ठरवून घेतलेला नियम आहे.) तिसरा सूर्यरस, ताऱ्याच्या गाभ्यातून उपसलेला, ज्याला स्पर्श होईल ते जाळणारा.

बिघाडाची लक्षणं तीन. पहिलं म्हणजे तीच मागणी केली तरी निकाल वेगळा येतो. मागच्या महिन्यात थबकाची ढाल झाली होती, आज फासा कमी पडला म्हणून होत नाही. "तेव्हा झालं, मग आत्ता का नाही?" या प्रश्नाला माझ्याकडे खरं उत्तर नसायचं. दुसरं, चक्र. तयार झालेली वस्तू परत भट्टीत टाकायची आणि तिच्यातून आणखी चांगली काढायची, असं दहा वेळा. आमच्या दुसऱ्या मोहिमेत एका खेळाडूने एका संध्याकाळीत साध्या खिळ्यापासून डोंगर कापणारी तलवार केली, तीही माझ्याच नियमांत बसवून. तिसरं लक्षण सगळ्यात वाईट. भट्टीवरचा प्रसंग कंटाळवाणा होतो. यादी वाचायची, फासा टाकायचा, वस्तू घ्यायची. रेशनच्या दुकानासारखं.

यावर सुचणारे उपाय मी सगळे करून पाहिले आहेत. दिवसातून एकदाच भट्टी पेटेल असा नियम केला, तर खेळाडू कथेतल्या सरायमध्ये मुक्काम ठोकून दिवस मोजत बसले. दुर्मिळ साहित्याची अट घातली, तर मोहिमेचं रूपांतर किराणा यादीत झालं. शाप लावला, तर शापावर उतारा त्याच भट्टीतून काढला. फाशाची अट कडक केली, त्याने पहिलं लक्षण आणखी चिघळलं. हे सगळे उपाय भट्टीच्या दाराशी पहारेकरी उभे करण्यासारखे आहेत. आत काय चाललंय ते तसंच राहतं.

खरं कारण सापडलं ते वागळे इस्टेटमध्ये.

आमच्या शेजारचे काका तिथल्या एका हीट ट्रीटमेंटच्या, म्हणजे लोखंड तापवून-बुडवून कडक करण्याच्या, वर्कशॉपमध्ये तीस वर्षं काम करत आले आहेत. एमआयडीसी १९६२ साली स्थापन झाली आणि वागळे इस्टेट ही तिच्या सगळ्यात जुन्या वसाहतींपैकी. एके काळी तिथल्या गल्ल्यांमधून लेथ आणि प्रेसचे आवाज थांबत नसत, आता बऱ्याच शेडच्या जागी काचेच्या इमारती आहेत. काकांचं वर्कशॉप अजून चालू आहे. भट्टीचं वर्णन जिवंत व्हावं म्हणून मी त्यांना विचारलं होतं की तापलेलं लोखंड दिसतं कसं. ते म्हणाले, "सांगून काय कळणार? शुक्रवारी आम्हाला सुट्टी, गुरुवारी ये. चप्पल घालून येऊ नकोस, बूट घाल."

गेले. भट्टीचं दार उघडल्यावर चेहऱ्यावर जो झोत येतो त्याबद्दल लिहीत नाही, तो सगळ्यांनी कल्पनेत घेतलेला असतो. जे कल्पनेत नव्हतं ते सांगते. काकांनी एका लांब सळीच्या टोकाला तारेने बांधलेला चुंबक घेतला आणि चेरीसारख्या लाल झालेल्या एका पिनेला टेकवला. चिकटला नाही. बाजूच्या गार पिनेला टेकवला तर टक्कन बसला. सुमारे ७७० अंश सेल्सिअसच्या वर लोखंड चुंबकाला ओळख देत नाही. भिंतीवर तापमान दाखवणारा मीटर आहेच, पण काकांचे हात अजून चुंबकाकडे जातात. "मीटर बिघडतो, लोखंड खोटं बोलत नाही," म्हणाले.

मग त्यांनी सांडशीने तापलेला नग उचलून तेलाच्या टाकीत बुडवला. क्षणभर फारसं काही नाही, कारण वाफेचं पांघरूण धातूभोवती असतं. ते फाटलं की एकदम खळखळाट, धूर, आणि मग आवाज हळूहळू बसत जातो. काका मान तिरकी करून तो आवाज ऐकत होते. पण माझं लक्ष खाली गेलं. भट्टीच्या दारापासून टाकीपर्यंत जमिनीवर काळ्या पातळ खपल्यांची वाट पडली होती, बुटाखाली कुरकुर वाजणारी. विचारलं, हे काय?

"पपडी. तापलेल्या लोखंडाला हवा लागली की वरचा थर जळून असा सुटतो. हेपण लोखंडच आहे, आपलं राहिलं नाही एवढंच. आत गेलेला माल आणि बाहेर आलेला माल वजनाला कधी सारखा भरत नाही. पार्टीला हे आधीच सांगावं लागतं." आणि मग त्यांनी सहज विचारलं, "तुझ्या गोष्टीतल्या भट्टीखाली काय पडतं?"

काही पडत नव्हतं. तीन मोहिमा, तीन भट्ट्या, आणि एकीखालीही चिमूटभर कीट, म्हणजे धातूचा जळून उरलेला मळ, नव्हता. जे आत जायचं ते पूर्णच्या पूर्ण नवीन वस्तू होऊन बाहेर यायचं. म्हणजे मी भट्टी म्हणून जे लिहीत होते तो प्रत्यक्षात परीस होता. परीस लागला की लोखंडाचं सोनं होतं, परीस झिजत नाही, सोन्याला गाळ नाही, आणि कुणाला काही द्यावं लागत नाही. कृपेच्या गोष्टीत तो शोभतो, कारण कृपा मोजून मिळत नसते. पण ज्या गोष्टीत माणसं हातात हातोडा घेऊन उभी आहेत तिथे परीस ठेवला की हातोड्याला काम उरत नाही. माझ्या तीनपैकी शेवटच्या दोन लक्षणांचं मूळ हेच निघालं (पहिल्याचं पुढे येतं). खाली काही उरत नाही म्हणून चक्र फुकटात फिरतं, आणि काही गमवायचं नाही म्हणून प्रसंगात जीव नाही.

आता दुरुस्ती. आमच्या विश्वात मी एकच नियम बसवला: भट्टीत गेलेलं आणि भट्टीतून निघालेलं वजन सारखं भरलं पाहिजे, आणि निघालेल्यातला चौथा हिस्सा कीट असतो. सोळा शेर लोखंड टाकलंत तर बारा शेराची वस्तू आणि चार शेर कीट. तीच वस्तू परत टाकलीत तर नऊ शेर. पुन्हा टाकलीत तर पावणेसात. खिळ्यापासून डोंगर कापणारी तलवार करायला निघालेला खेळाडू तिसऱ्या फेरीला सुईवर येतो. त्याला कुणी अडवत नाही, पहारेकरी नाही, शाप नाही.

नियम लावल्यावर दुसऱ्याच शनिवारी आमच्यातल्या एकाने, तो कळव्याहून येतो आणि गणितात पक्का आहे, फट शोधली. वजन सारखं भरलं पाहिजे ना? मग रिकाम्या भट्टीतून एक शेर लोखंड आणि उणे एक शेर उणधातू एकदम काढतो. बेरीज शून्य, नियम पाळला! मी त्या रात्री झोपले नाही. तुमच्या विश्वातही उणे वजनाचं काही असेल तर ही फट उघडीच असणार, म्हणून उत्तर नीट सांगते. कीट नेहमी अधिक वजनाचा असतो, आणि उणधातू स्वतः कीट सोडत नाही. सोळा शेर उणधातू घडवायचा तर सोबत चार शेर लोखंड घालावं लागतं आणि ते सगळं कीट होऊन खाली पडतं. आत उणे बारा, बाहेर उणे बारा. उणधातू तेवढाच राहतो, पण दर वेळी चार शेर लोखंड जातं. रिकाम्या भट्टीत कीट व्हायला काही नसतंच, म्हणून शून्यातून काही निघत नाही. फट बुजली, आणि वर लोखंडाला किंमत आली, जी आधी कुणी देत नव्हतं.

यानंतर मूस. द्रव्य कशात ठेवून तापवता, हा प्रश्न मी तीन मोहिमा विचारलाच नव्हता. वर उडणारा उणधातू साध्या मुशीत राहणारच नाही, तिचं तोंड खाली हवं. हे सुचलं ते उदयपूरजवळच्या जावरच्या जुन्या जस्ताच्या भट्ट्यांवरून. जस्त ९०७ अंशांना उकळतं, पण त्याच्या खनिजातून धातू सुटायला त्याहून जास्त आच लागते. म्हणजे धातू जन्माला येतो तोच वाफ होऊन, आणि त्या वाफेला हवा लागली की पुन्हा पांढरी भुकटी. तिथल्या कारागिरांनी मातीच्या, वांग्याच्या आकाराच्या बंद मुशी केल्या, एका भट्टीत छत्तीस, तोंडं खाली करून बसवल्या, आणि वाफ खालच्या गार कप्प्यात उतरवून जस्त धरलं. निसटणाऱ्या द्रव्याला निसटण्याच्या वाटेवरच पकडायचं, ही युक्ती शेकडो वर्षांपूर्वीची आहे. आमच्या खेळाडूंना मी जावरचं काही सांगितलं नाही. फक्त उणधातू छताला जाऊन चिकटला असं वर्णन केलं. पाऊण तास खल करून त्यांनी स्वतःच उलटी मूस काढली, आणि त्या पाऊण तासात कुणी मोबाइल हातात घेतला नाही.

सूर्यरसासाठी कुठलीच मूस पुरत नाही. टंगस्टनसारखा धातूही ३४२२ अंशांना वितळतो, आणि ताऱ्याच्या गाभ्याची भाषा कोटी अंशांची. प्रत्यक्षात अशा तापलेल्या वायूला चुंबकीय क्षेत्राच्या कड्यात भिंतीपासून दूर धरतात. गांधीनगरजवळ 'आदित्य' नावाचं असं यंत्र १९८९ मध्ये सुरू झालं. आम्ही ते जवळपास तसंच उचललं.

पहिलं लक्षण, म्हणजे निकाल दर वेळी वेगळा येणं, याला फाशाऐवजी रंग लावा. पॉलिश केलेलं स्वच्छ पोलाद हळूहळू तापवलं की त्यावर रंग चढतात: २३० अंशांच्या आसपास वाळल्या गवतासारखा पिवळा, मग तपकिरी, मग जांभळट, आणि ३०० च्या सुमारास निळा. काकांनी एक पट्टी गॅसच्या शेगडीवर धरून हे मला घरीच दाखवलं. पिवळ्यावर काढलंत तर धार कडक राहते पण ठिसूळ, निळ्यावर काढलंत तर कडकपणा कमी पण लवचिक. रंग टोकाकडे सरकताना दिसतो आणि डोळ्यांदेखत पुढे जातो. "आता," म्हणेपर्यंत गेलेला असतो. आता आमच्या भट्टीवर मी रंग सांगत जाते आणि खेळाडू "काढ!" म्हणतो. कधी काढायचं हे त्याने ठरवलेलं असतं, त्यामुळे वस्तू ठिसूळ निघाली तर तो माझ्याशी भांडत नाही, पुढच्या वेळी थोडा थांबतो. तीच मागणी, तोच रंग, तोच निकाल. फासा मी फक्त भाता चालवणाऱ्यासाठी ठेवला आहे, आच एकसारखी राहिली की नाही तेवढ्यापुरता.

कुणी तरी विचारेलच की शिशाचं सोनं होऊ द्यायचं का. होऊ द्या, पण खरी किंमत माहीत असू द्या. शिशाच्या अणुकेंद्रात ८२ प्रोटॉन, सोन्याच्या ७९. तीनच काढायचे आहेत. जिनिव्हाजवळच्या सर्न या अणुसंशोधन केंद्रात शिशाची अणुकेंद्रं एकमेकांच्या अगदी जवळून प्रचंड वेगाने जाताना हे घडतं, असं तिथल्या अ‍ॅलिस प्रयोगाच्या संशोधकांनी २०२५ मध्ये जाहीर केलं. २०१५ ते २०१८ या काळातलं सगळं सोनं मिळून भरलं सुमारे २९ पिकोग्रॅम, म्हणजे ग्रॅमच्या एक लाख कोटीव्या भागाच्या तीसपट इतकंही नाही, आणि तेही क्षणात फुटून गेलेलं. आमच्या सोनं हवं असलेल्या खेळाडूला मी हे सांगितल्यावर तो गप्प बसला आणि मग म्हणाला, "म्हणजे होतं तर खरं!" तेव्हापासून त्याचं कॅरेक्टर रोज कणभर सोनं करतं आणि ते विकत नाही.

शेवटची गोष्ट कीटाबद्दलच, कारण सगळा खेळ तिथे उघडतो. कीट नुसता वजनापुरता ठेवू नका, त्याला द्रव्याचा गुण द्या. थबकाचंच बघा. ज्याच्या आत वेळ चालत नाही त्यात उष्णता शिरणार कशी? शिरायलाही वेळ लागतोच. म्हणून थबक आतून कधी वितळत नाही, फक्त कडा झडतात. झडलेल्या कडांची करडी भरड खाली पडते. तिला आमच्यात नाव पडलं 'उशीर'. उशीर जिथे सांडतो तिथे सगळं उशिरा होतं. विहिरीला पाणी उशिरा येतं, जखमा उशिरा भरतात, दिलेली हाक पलीकडे उशिरा पोचते. भट्टी पेटवली की हा उशीर साठत जातो, आणि भट्टीच्या उताराला एक वस्ती आहे.

हे मी फक्त मांडलं. पुढचं खेळाडूंनी केलं. आमच्यातली एक जण तळोज्याच्या एका केमिकल कंपनीत आहे. तळोज्याला घातक कचऱ्याच्या विल्हेवाटीची सामायिक जागा आहे, आणि तिथे जाणाऱ्या प्रत्येक खेपेबरोबर कागद लागतो: कुठून निघालं, किती, कोणी नेलं, कोणाला पोचलं. तिने तसाच कागद खेळात आणला. आता प्रत्येक पिंपामागे एक चिठ्ठी असते, तिच्यावर शेर आणि सह्या. तीन सेशन त्यांनी उशीर वाहून नेण्यात घालवली. वाटेत एक पिंप गळालं आणि त्या गावातल्या लग्नाचा मुहूर्त टळला तेव्हा नवरीच्या आईसमोर जाऊन कबुली कुणी द्यायची, यावर चौघांत जो वाद झाला तसा वाद तलवारीवरून कधीच झाला नव्हता. डोंगर कापणाऱ्या तलवारीचा ध्यास घेतलेला तोच खेळाडू शेवटी उठून गेला. नवरीच्या आईची भूमिका मी करत होते. मला बोलायला सुचेना.

तुमची भट्टी तपासायची असेल तर एका सेशनपुरतं वहीत तीन आकडे लिहा: आत गेलेलं, वस्तू म्हणून निघालेलं, खाली पडलेलं. तिसरा रकाना रिकामा राहिला तर दुखणं तिथेच आहे. सवागी (टाकणखार) टाकून कीट कमी करण्याची मुभा द्यायला हरकत नाही, सोनार आणि लोहार दोघेही ती वापरतात. फक्त सवागीलाही वजन असतं, तेही वहीत धरा.

आमच्या वहीत आज अकरा शेर उशीर जुळत नाहीये. चिठ्ठ्यांवर निघालेला दिसतो, पोचल्याची सही नाही. येत्या शनिवारी तिथूनच सुरुवात करायची आहे, आणि काकांनी विचारलंय की ते येऊन बसले तर चालेल का.